दिवा दिसला, पीठ दिसलं नाही

माझे पती मंगळवारी वारले. ते सकाळच्या शाळेतून आले, गाडी लावली, पाणी मागितलं. मी पाणी घेऊन आले तेव्हा ते खुर्चीत होते आणि उत्तर देत नव्हते. दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी तपासलं आणि मान हलवली. त्यांना घरी आणलं, पुढच्या खोलीत ठेवलं. पवनीहून त्यांची आई आली. संध्याकाळी वैनगंगेच्या घाटावर दहन झालं.

एवढं लिहायला मला बरेच दिवस लागले. लिहायला बसले की मी दुसरंच काहीतरी लिहू लागायची. आज ठरवून आधी हे लिहून टाकलं.

मी भंडाऱ्यात एका महाविद्यालयात तत्त्वज्ञान शिकवते. माझ्या वर्गात बाकं जास्त आणि मुलं कमी असतात. पती शाळेत इतिहास शिकवायचे. ते पवनीच्या विणकर घरातले, मी भंडाऱ्याजवळच्या बौद्ध कुटुंबातली. आम्हाला मूल झालं नाही. संध्याकाळी एकाच टेबलाच्या दोन बाजूंना बसून आम्ही उद्याच्या तासांची तयारी करायचो आणि बहुतेक रोज एकच भांडण भांडायचो.

मी एखाद्या विचारवंताचं मत वाचत असले की ते माझ्या खांद्यावरून वाकून दोन ओळी वाचायचे आणि विचारायचे, "याच्या बांधीत रोवणा कोण करत होतं?"

आमच्याकडे धानाच्या शेताला बांधी म्हणतात. रोपं उपटून चिखलात लावायची, तो रोवणा.

"त्याचा इथे काय संबंध?" मी म्हणायची.

"हा बुवा दिवसभर बसून 'मी म्हणजे कोण' विचारून राहिला. म्हणजे याच्यासाठी कोणीतरी चिखलात उभं असंन. त्याले यानं काहून नाही विचारलं, का बाप्पा, तू म्हणजे कोण?"

"मत खरं की खोटं हे रोवण्यावरून ठरत नाही."

"खरं-खोटं तू ठरव, मॅडम. आलं कुठून, एवढं मी पाहतो. कामं वाटून घेऊ."

ते हसत म्हणायचे, पण त्यांचं म्हणणं गमतीचं नव्हतं. कोणताही विचार आकाशातून पडत नाही, तो कुठल्या तरी गावात, कुठल्या तरी घरात, कोणाच्या तरी अडचणीतून उगवतो, असं त्यांना मनापासून वाटायचं. मला ते अर्धवट वाटायचं. विचाराची जन्मकथा सांगितली म्हणजे विचार तपासला असं होत नाही. मुलांना मी हेच शिकवायची आणि घरी हेच ऐकवायची.

एकदा मात्र त्यांनी माझ्यावरच हे उलटवलं. आत्मा नावाची कायम राहणारी वस्तू माणसात नाही, हे मत मी विचार करून स्वीकारलं आहे असं मी म्हणाले. नागपूरला शिकत असताना दोन्ही बाजूंचे युक्तिवाद मी महिनोन् महिने वाचले होते. ते म्हणाले, "पेपर हातात यायच्या आधीच तुले उत्तर माहीत होतं. तुझ्या आज्यानं सांगून ठेवलं होतं." मला राग आला. त्या रात्री आम्ही बोललो नाही.

माझे आजोबा शेतमजूर होते. छप्पन साली ते नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आले. परत आल्यावर त्यांनी घरातले देव उचलले आणि गावच्या बोडीत, म्हणजे लहान तळ्यात, सोडून दिले. श्राद्ध, पिंड, पितर हेही त्यांच्याबरोबर गेलं. माझे बाबा तेव्हा शाळेतही जात नव्हते. त्यांना त्या दिवसाचं एवढंच आठवतं की देव बुडाले नाहीत, लाकडाचे असल्यामुळे तरंगत राहिले, आणि आजोबा काठावर उभं राहून म्हणाले, "जाऊ द्या त्याईले. त्याईचं ते पाहून घेतीन."

बाबांनी पुढे जवाहरनगरला दारूगोळ्याच्या कारखान्यात नोकरी केली. माझं लहानपण तिथल्या क्वार्टरमध्ये गेलं. आई गेली, बाबा निवृत्त झाले, क्वार्टर सोडावं लागलं, तेव्हापासून ते आमच्याकडे राहतात. कारखाना मात्र त्यांच्यातून निघालेला नाही. ते अजून पहाटे, पहिल्या पाळीच्या बसच्या वेळेला उठतात. कोणत्याही दारातून आत शिरताना आधी शर्टाचा खिसा चाचपतात, मग पँटचे. गेटवर रोज झडती व्हायची. खिशात काडीपेटी सापडली तर नोकरीवर पाणी. म्हणून आपलं आपण आधी पाहून घ्यायची सवय. बँकेत, लग्नाच्या हॉलमध्ये, आमच्या स्वतःच्या घरात शिरतानाही ते हे करतात. शेजारच्या बाईंना कित्येक वर्षं वाटत होतं की यांचं काहीतरी रोज हरवतं.

सासूबाई आणि बाबा यांचं बरं जमायचं. आमच्याकडे व्याह्याला इवाई म्हणतात आणि विहिणीला ईन. सणावाराला भेट झाली की दोघं एकमेकांना चिमटे काढायचे. पवनीला जुने स्तूप जमिनीखालून निघाले आहेत, तिथे पती मुलांच्या सहली न्यायचे. त्यावरून बाबा एकदा म्हणाले, "ईनबाई, पवनीत तुमच्या आधी आमचे लोक होते. दोन हजार वर्षं झाली."

सासूबाई तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "मंग तेवढ्या वर्षांची घरपट्टी भरा, इवाईबुवा. नगरपालिका वाट पाहून राहिली."

बाबा किती तरी वेळ हसत होते. हे सांगितलं ते एवढ्यासाठी की पुढे जे झालं ते दोन वैऱ्यांमध्ये झालं नाही.

दहाव्याच्या आदल्या दिवशी सासूबाई माझ्याजवळ येऊन बसल्या. तोवर त्या फारशा बोललेल्या नव्हत्या. पुढच्या खोलीत जिथे त्यांच्या मुलाला ठेवलं होतं, तिथे त्या चटईवर बसून राहायच्या. विणकामाचा माग त्यांच्या घरातून कधीच गेला, पण बसल्या की त्यांचा उजवा पाय अजून हलतो, खाली पायानं दाबायची पावडी असल्यासारखा. त्या दिवशी तो हलत नव्हता.

"माय, एक मागू का?" त्या म्हणाल्या.

"मागायचं काय त्यात, आई. सांगा."

"आज इथं पीठ मांडू दे."

मला ही चाल ऐकून माहीत होती. माणसाला शेवटचं जिथे ठेवलं असेल तिथे जमिनीवर तांदळाचं पीठ पसरायचं, हातानं सारखं करायचं. मधोमध दिवा लावायचा आणि वर वेळूची टोपली पालथी घालायची. सकाळी टोपली काढून पिठावर ठसा पाहायचा. गाईचा खूर दिसला तर गाईच्या जन्माला गेला, पाखराचा पंजा दिसला तर पाखराच्या.

 त्यांना वाटलं असावं की मला पटत नाही, म्हणून त्या समजावू लागल्या. सासरे गेले तेव्हा पिठावर पाखराचं पाऊल उमटलं होतं. तेव्हापासून त्या रोज सकाळी पवनीच्या परकोटाच्या, म्हणजे जुन्या तटाच्या, भिंतीवर मूठभर तांदूळ टाकतात. ताप असला तरी टाकतात. परगावी गेल्या तर शेजारणीला सांगून जातात.

"कोठी गेला ते समजलं म्हणजे घास कोणाले टाकायचा ते समजते," त्या म्हणाल्या. "बाकी मले काही नाही पाहिजे. तो परत येणार नाही, ते का मले समजत नाही? पण त्याचं खाणं तं कोणाकडे तरी गेलं पाहिजे ना."

मी इतकी वर्षं पुनर्जन्म शिकवला होता. कर्माचं फळ, न्यायाची गरज, स्मृती नसेल तर तोच माणूस कसा म्हणायचा, हे सगळं फळ्यावर लिहिलं होतं. पुनर्जन्म म्हणजे गेलेल्या मुलाला जेवू घालण्याची सोय असू शकते, हे मी कुठल्या पुस्तकात वाचलं नव्हतं.

अडचण माझी नव्हती, बाबांची होती. आजोबांनी बोडीत जे सोडलं त्यात हे पीठही होतं. बाबा राहतात त्या घरात ते परत मांडायचं, तर त्यांना विचारल्याशिवाय कसं? सासूबाईंनाही ते ठाऊक होतं. त्या स्वतःच उठून बाबांच्या खोलीच्या दारात गेल्या आणि विचारलं.

बाबांनी खिडकीबाहेर पाहिलं. मग म्हणाले, "घर तुमच्या पोराचं आहे, ईनबाई. मी नाही म्हणणारा कोण?"

हो म्हणायला त्यांना जड गेलं हे मला दिसलं. संध्याकाळी सासूबाईंनी पीठ चाळलं, पसरलं, थाळीच्या पाठीनं सारखं केलं. दिवा लावला. टोपली पालथी घातली. वेळूच्या फटींतून उजेड भिंतीवर बारीक चौकटी पाडत होता. बाबा लवकर जेवून खोलीत गेले आणि त्यांनी दार लावून घेतलं.

सकाळी मला जाग आली ती तांब्याच्या आवाजानं. बाहेर आले तर पुढच्या खोलीत बाबा उभे होते. हातात रिकामा तांब्या. टोपली बाजूला उलटी पडली होती. दिवा विझला होता आणि पिठाचा सगळा लगदा झाला होता. पाणी फरशीवरून वाहत चटईखाली चाललं होतं. बाबा स्वतःच्या हाताकडे पाहत होते.

"बाबा, हे काय केलं?"

"टोपलीले आच लागून राहिली होती," ते म्हणाले. मग थोड्या वेळानं म्हणाले, "लागली नव्हती. लागली असती."

सासूबाई माझ्या मागे येऊन उभ्या होत्या. त्या ओरडल्या नाहीत. पुढे होऊन खाली बसल्या आणि लगद्यावरून बोट फिरवलं, जणू आत कुठे काही शिल्लक असेल.

"इवाईबुवा," त्या म्हणाल्या, "नाही म्हणायचं होतं तं काल म्हणायचं होतं. मी दारात उभी राहून विचारलं तुमाले."

"ईनबाई, तसं नाही."

"तुमचा धर्म तुमाले मोठा. असो. पण माझ्या पोराचा दिवा विझवला तुमी."

"धर्म आठवलाच नाही मले," बाबा म्हणाले. "उठलो, दार उघडलं. वर वेळू, आत आग, जवळ कोणी नाही. कारखाना आठवला. हातानं तांब्या उचलला."

सासूबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांचा विश्वास बसला नाही. खरं सांगायचं तर माझाही पुरता बसला नव्हता. छत्तीस वर्षांच्या नोकरीमागे आजोबा उभे होते आणि आजोबांच्या मागे ती बोडी. तांब्या उचलणारा हात यातल्या कोणाचा होता, हे मला कसं कळणार? बाबांना तरी कळलं असेल का?

पीठ पुन्हा मांडता येत नाही. त्याची एकच वेळ असते.

त्या दिवशी घाटावर दिरांनी दहाव्याचे विधी केले. पिंडाला कावळा पटकन शिवला. नातेवाईक म्हणाले, चला, काही इच्छा राहिली नाही. परत येताना गाडीत सासूबाई माझ्या कानाशी हळूच म्हणाल्या, "गेला, हे समजलं. कोठी गेला, हे कोण सांगंन आता?"

तेरवीपर्यंत त्या आमच्याकडेच राहणार होत्या. त्या दिवसांत त्या बाबांशी थेट बोलल्या नाहीत. आम्ही तिघं एका खोलीत बसलेलो असायचो आणि त्या मला सांगायच्या, "तुझ्या बापाले विचार, चहा पाहिजे का."

बाबा समोरच असायचे. ते मला सांगायचे, "पाहिजे, म्हण."

"साखर किती, विचार."

"मागच्या वेळेइतकीच, म्हण."

"मागच्या वेळची मले आठवत नाही, म्हण."

एरवी मला हसू आलं असतं. ही गंमत ज्यांना मी रात्री सांगितली असती ते नव्हते.

मला या दिवसांत पतींचं म्हणणं सारखं आठवत होतं. आलं कुठून, एवढं मी पाहतो. मी ते इतकी वर्षं पुस्तकांच्या बाबतीत नाकारलं आणि आता ते माझ्या घरात चहाच्या कपांमधून हिंडत होतं. एका घरात पुनर्जन्म म्हणजे भिंतीवर मूठभर तांदूळ. दुसऱ्या घरात त्याच पुनर्जन्माचा उच्चारही नको. दोन्ही घरांनी यावर ग्रंथ वाचले नव्हते. दोन्ही घरांना आपापलं कारण होतं, आणि ते कारण युक्तिवादाच्या कितीतरी आधीचं होतं.

तेरवीच्या आधीची सकाळ. पौर्णिमा होती. बाबा पौर्णिमेला वंदना चुकवत नाहीत. त्यांच्या खोलीत फडताळावर बुद्धाची लहान मूर्ती आहे. त्यांनी अंघोळ केली, पांढरा सदरा घातला, मेणबत्ती लावली, उदबत्ती लावली नाही, ते कधीच लावत नाहीत. त्रिसरण, पंचशील म्हटलं. सासूबाई ओसरीत भाजी चिरत होत्या आणि तिथून दारातलं सगळं दिसत होतं. वंदना संपली. बाबा उठायच्या आधी पुढे वाकले आणि दोन बोटांच्या चिमटीत मेणबत्तीची वात धरून विझवली. बोटं पुसली. विझली की नाही ते पुन्हा एकदा जवळून पाहिलं. मग उठले.

सासूबाईंची विळी थांबली.

"नेहमी असंच करतात का हे?" त्यांनी मला विचारलं.

"काय?"

"मेणबत्ती. जळू नाही देत?"

मी आठवून पाहिलं. मी जन्मापासून हे पाहत आले होते, त्यामुळे कधी पाहिलंच नव्हतं. क्वार्टरमध्ये आई तक्रार करायची की एक मेणबत्ती वर्षभर पुरते. "हो," मी म्हणाले. "कधीच जळू देत नाहीत."

"बाई बाई," सासूबाई म्हणाल्या, "हा माणूस स्वतःच्या देवाचीही विझवते."

"आम्ही देव नाही म्हणत त्याले, ईनबाई," आतून बाबा म्हणाले.

"मंग तं आणखी चांगलं," त्या म्हणाल्या. "म्हणजे देवाधर्माचं काही नाही त्याच्यात."

त्यांनी विळी आडवी केली आणि पदराला हात पुसले. आपण थेट बोललो हे त्यांच्या लक्षात आलं होतं, पण ते मागे घ्यावं असं त्यांना वाटलं नाही. बाबा दारात आले. सवयीनं खिसा चाचपला आणि ओसरीत येऊन बसले.

"इवाईबुवा, तुमी खरं सांगतलं होतं. मी नाही मानलं," सासूबाई म्हणाल्या.

"मीही नाही मानलं पुरतं," बाबा म्हणाले. "रात्रभर त्या पिठानं झोप नव्हती मले. मनात तं होतंच. मंग हात कायच्या जोरावर चालला, कसं सांगू?"

"ते जाऊ द्या. एक सांगा." त्यांनी जरा थांबून विचारलं, "टोपली तुमी उचलली. पाणी टाकायच्या आधी. तेव्हा पीठ कोरडं होतं."

बाबांनी वर पाहिलं.

"तुमी एकट्यानंच पाह्यलं ते. काय होतं?"

माझ्या हातात पाण्याचा गडू होता, तो मी तसाच धरून उभी राहिले. त्या क्षणी मला एकच गोष्ट हवी होती. बाबांनी खोटं बोलावं. पाखराचं पाऊल होतं म्हणावं, मुंगीची रांग होती म्हणावं, काहीही म्हणावं. पुनर्जन्मावर माझा विश्वास नाही, खोटं बोलण्याच्या विरुद्ध मी वर्गात व्याख्यानं दिली आहेत, आणि मी मनातल्या मनात माझ्या बापाला खोटं बोलायला सांगत होते. समोर एक आई बसली होती आणि तिला फक्त एका प्राण्याचं नाव हवं होतं.

बाबांनी थोड्या वेळापूर्वीच पंचशील म्हटलं होतं. खोटं न बोलण्याचं शील त्यात चौथं येतं. पण मला वाटत नाही की त्यांनी त्याची आठवण केली. ते आठवून पाहत होते, ती खोली, ती पहाट.

"दिवा दिसला," ते शेवटी म्हणाले. "पीठ नाही दिसलं. माझी नजर वातीवर होती. आमाले तसंच शिकवलं होतं, आग दिसली का मंग दुसरीकडं पाहायचं नाही."

"कायच नाही?"

"काय असंन तं मी पाह्यलं नाही. नव्हतं असंही मी नाही म्हणत." मग म्हणाले, "पाह्यलं असतं तं सांगतलं असतं, ईनबाई. मानत नसलो तरी सांगतलं असतं."

सासूबाईंनी मान खाली घातली. त्या रडतील असं मला वाटलं. त्या भाजीच्या देठांकडे पाहत राहिल्या.

"मंग आता घास कोणाले टाकू?" त्या म्हणाल्या.

हा प्रश्न त्यांनी कोणाला विचारला नव्हता, पण बाबांनी तो आपल्यालाच विचारलाय असं धरलं. ते कधी सांगत नाहीत ती गोष्ट सांगू लागले. मीही ती तुकड्यातुकड्यानंच ऐकली होती.

"माझ्या बापाले मालगुजाराच्या अंगणात, ओसरीच्या खाली उभं करत," ते म्हणाले. "मजुरी मागाले गेला का वरून सांगत, मागच्या जन्मी पाप केलं म्हणून असा जन्मला. या जन्मी नीट राहा, पुढच्या वेळी बरा जन्म भेटंन. दर वेळी हेच. मजुरी कमी आन् जन्म जास्त. म्हणून त्यानं मागचा जन्म सोडला, आन् त्याच्यासंगं पुढचाही सोडला. एक ठेवून दुसरा सोडता येत नव्हता त्याले."

सासूबाईंनी देठं गोळा केली. "आमाले असं कोणी नाही सांगतलं," त्या म्हणाल्या.

"तुमाले कायले सांगतीन? तुमचं लुगडं पाहिजे होतं त्याईले. आमची पाठ पाहिजे होती."

हे कडू होतं, पण ते त्यांच्यावर फेकलेलं नव्हतं. सासूबाईंनाही ते कळलं. "लुगड्याचेही पैसे नाही देत होते धड," त्या म्हणाल्या, आणि दोघंही हसल्यासारखे झाले.

मी आत गेले. दोघं पुन्हा हसले ही बातमी मला कोणाला तरी द्यायची होती आणि टेबलाच्या त्या बाजूची खुर्ची रिकामी होती.

महाविद्यालय सुरू झाल्यावर अभ्यासक्रमात कर्म आणि पुनर्जन्माचा भाग आला. मी पूर्वीसारखेच दोन्ही बाजूंचे युक्तिवाद मांडले. विचाराची जन्मकथा म्हणजे विचाराची परीक्षा नव्हे, हेही सांगितलं. ते मला आजही खरं वाटतं. पती असते तर यावर वाद झाला असता, आणि मी हरले नसते.

पण आता मी तिथे थांबत नाही. मुलांना विचारते, हा विचार कोणत्या प्रश्नाचं उत्तर म्हणून आला असेल? कारण आजोबांचा प्रश्न आणि सासूबाईंचा प्रश्न एक नव्हता. मी गुन्हेगार म्हणून जन्मलो का, हा एक प्रश्न. माझ्या मुलाला जेवू कोण घालणार, हा दुसरा. एकच मत एका घरात आरोप होऊन आलं आणि दुसऱ्या घरात आधार होऊन. आजोबांनी ते फेकलं ते बरोबर केलं. सासूबाईंनी ते धरून ठेवलं, त्यात मला चूक दाखवता येत नाही. आत्मा आहे की नाही हा वाद यानं मिटत नाही. वाद घालणारी माणसं मात्र दिसू लागतात. पूर्वी मला फक्त वाक्यं दिसायची.

मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, "मॅडम, तुमाले काय वाटते? माणूस गेल्यावर काही राहते का?"

मी म्हणाले, मला वाटत नाही. हे मी जड मनानं म्हणाले. ज्या मतात मी वाढले ते मला आता सोपं राहिलेलं नाही. ते खरं असेल तर माझे पती कुठेच नाहीत, ना पाखरात ना गाईत. आजोबांना या मतानं मोकळं केलं. मला त्यानं काही दिलं नाही. तरी ते मी सोडलेलं नाही. दुःख झालं म्हणून मत बदलायचं, तर ते मत कशाला म्हणायचं? पण ते ज्याचं मत आहे त्याला दुःख होत नाही असंही नाही, एवढं मला कळलं.

तेरवी झाल्यावर दीर आईला न्यायला आले. सासूबाईंनी पिशवी भरली, मग म्हणाल्या, चार दिवसांनी येते. दीर एकटेच गेले. नंतर त्यांनी फोन केला तेव्हाही त्या म्हणाल्या, चार दिवसांनी. पवनीच्या भिंतीवर शेजारीण तांदूळ टाकते आहे, असं दिरांनी सांगितलं, म्हणजे सासऱ्यांची सोय झालेली आहे.

मुलाचं त्यांनी आपल्यापुरतं असं केलं: सकाळी स्वयंपाक झाला की पहिला घास वेगळा काढायचा आणि घरात जो समोर असेल त्याला विचारायचं, आज कोणाले? पहिल्या दिवशी त्यांनी मला विचारलं.  मी मुंग्या म्हणाले. दुसऱ्या दिवशी बाबा समोर होते.

"मले नोका विचारू, ईनबाई. माझा विश्वास नाही."

"विश्वास कोण मागून राहिलं? नाव सांगा."

बाबांनी खिडकीतून रस्त्याकडे पाहिलं. "ती पांढरी कुत्री आहे," ते म्हणाले. "व्यायली आहे. तिले द्या."

सासूबाई आता आमच्याकडेच असतात. त्यांचा मुलगा कुठे गेला हे त्यांना माहीत नाही. बाबांच्या मते तो कुठे गेलेला नाही, आणि माझ्याही मते. घास रोज निघतो, आणि तो कोणाला द्यायचा हे रोज सकाळी ठरतं.